विनोदी नाटकाची पटकथा कशी करावी : फ्रान्सिस वेबेर यांचा धडा

रंगभूमीवरचे प्रहसन पडद्यावर कसे आणावे हे शिकायचे असेल, तर फ्रेंच लेखक फ्रान्सिस वेबेर यांचे १९९३ मधील 'ल दिने द कों' (मूर्खांची मेजवानी) हे नाटक आणि त्यावर त्यांनीच १९९८ मध्ये दिग्दर्शित केलेला चित्रपट एकत्र अभ्यासावेत. आधी प्रत्येक प्रवेशात कोणाला काय हवे आहे ते वहीत लिहावे. मग पाठदुखीने घरात अडकलेला प्रकाशक आणि मदतीच्या भरात प्रत्येक दूरध्वनीगणिक घोटाळा वाढवणारा पिन्यों यांची गाठ, दिवाणखाना फारसा न सोडता, कशी घट्ट होत जाते ते टिपावे. पिन्यों हे नाव वेबेर १९७३ पासून आपल्या पात्रांसाठी पुन्हा पुन्हा वापरत आले. माझ्या मते खरी किल्ली त्याच्या प्रामाणिकपणात आहे. म्हणून आपल्या पात्रालाही हसवण्याची घाई करू देऊ नये.