इंग्रजी आडनावांवरून गाव शोधताना या चुका टाळा

चिपळूणच्या माणसाला चिपळुणात कुणी चिपळूणकर म्हणत नाही. तो गाव सोडून पुण्याला गेला, की पुणेकर त्याला चिपळूणकर म्हणू लागतात. इंग्लंडातल्या साध्या माणसांचंही असंच झालं. फरक इतकाच, की आपला ‘कर’ टिकला आणि त्यांचा ‘ऑफ’ किंवा कारकुनाच्या लॅटिनमधला ‘दे’ पुढे गळून पडला. ‘दे लिंकन’चा नुसता लिंकन उरला. म्हणजे असं आडनाव हा गाव सोडून गेलेल्या माणसाचा जुना पत्ता आहे. पत्ता आधी कागदावर शोधायचा आणि अर्थ नंतर लावायचा. बहुतेक नवखे नेमकं उलटं करतात.

आजचा शब्दकोश उघडून अर्थ लावणं

ही चूक सर्वांत जास्त दिसते. रॅम्सबॉटम आडनाव पाहून लोक हसतात. पण ‘बॉटम’ म्हणजे इथे दरीचा तळ, खोलगट सखल जमीन. जुन्या लँकशरमध्ये बरीजवळ रॅम्सबॉटम नावाचं गाव आहे. त्यातल्या ‘रॅम्स’चा अर्थ रानलसूण असा लावतात, काही जण मेंढा असाही लावतात. हिगिनबॉटम हे मूळ बोल्टनजवळचं ओकनबॉटम, ओकच्या झाडांची दरी. लोकांना ‘ओकन’ कळेनासं झालं आणि जिभेने ओळखीचा ‘हिगिन’ आणून बसवला.

शेवटच्या तुकड्यावरही आंधळा विश्वास नको. ‘टन’ म्हणजे शेतवाडी हे पाठ करून लोक हॅमिल्टनला लावतात. तिथला ‘टन’ हा मुळात ‘डून’, म्हणजे टेकडी. ‘हॅम’ कधी वस्ती असते, तर कधी नदीच्या वळणातलं कुरण. केंटच्या जंगलपट्टीत ‘डेन’ म्हणजे डुकरं चारायची जागा, इतरत्र बहुधा दरी. नुसता तुकडा पाहून हे ठरत नाही. त्या गावाच्या नावाची जुनी स्पेलिंगं तारखेच्या क्रमाने समोर ठेवावी लागतात. गावनावांचा अभ्यास करणाऱ्या इंग्लिश प्लेस-नेम सोसायटीच्या जिल्हावार खंडांत ती तशी मांडलेली मिळतात. मी तरी ते पान पाहिल्याशिवाय अर्थाचा एक शब्दही लिहीत नाही.

नकाशावर त्या नावाचं पहिलं गाव दिसलं की थांबणं

वॉशिंग्टन घ्या. धुण्याशी या नावाचा काही संबंध नाही. एका माणसाचं नाव, त्याला जोडून त्याची माणसं दाखवणारा ‘इंग’ आणि शेवटी शेतवाडीचा ‘टन’. इथवर बरेच जण बरोबर येतात. पुढे घसरतात.

अमेरिकेच्या पहिल्या अध्यक्षांचं घराणं शोधणारा माणूस नॉर्थम्प्टनशरमधल्या सल्ग्रेव्हला पोहोचतो. तिथली जहागीर लॉरेन्स वॉशिंग्टनने १५३९ मध्ये विकत घेतली होती. मग नकाशा उघडला की दक्षिणेला ससेक्समध्ये वॉशिंग्टन नावाचं गाव सापडतं आणि शोध तिथेच संपतो. ते गाव चुकीचं आहे. हा लॉरेन्स लँकशरमधल्या वॉर्टनहून आलेला लोकरीचा व्यापारी. तिथून मागे गेलं की वाट उत्तरेला डरहॅमकडे जाते. बाराव्या शतकात विल्यम दे हर्टबर्न नावाच्या सरदाराने आपली हर्टबर्नची जमीन देऊन डरहॅममधलं वॉशिंग्टन घेतलं आणि आडनावही बदललं. जमीन तशीच राहिली असती, तर अमेरिकेच्या राजधानीला आज कदाचित हर्टबर्न म्हणावं लागलं असतं. मधलं वॉर्टन ज्याने गाळलं, त्याला हे कधीच सापडणार नाही.

म्हणून क्रम ठरलेला ठेवा. हातातल्या सर्वांत अलीकडच्या पक्क्या कागदापासून सुरुवात करा. १८३७ पासूनच्या जन्म-विवाह-मृत्यूच्या सरकारी नोंदी, १८४१ पासूनची नावनिशीवार जनगणना, त्याआधी १५३८ पासून सुरू झालेल्या चर्चच्या नोंदवह्या. आडनाव विरळ असेल तर १८८१ च्या जनगणनेत ते कुठे दाटलंय ते पाहा, आणि तिथून साधारण ३० किलोमीटरच्या आत त्या नावाचं गाव, वाडी किंवा एखादं शेत शोधा. गाव उठून गेलेलं असू शकतं, जुन्या कागदांत मात्र ते असतं. जहागीरदारांना हे अंतर लागू नाही, ते वॉशिंग्टनवाल्यांसारखे देशभर फिरले. आणि सटन, नॉर्टन, न्यूटन ही नावं तर दक्षिणवाडी, उत्तरवाडी, नवी वाडी अशी आहेत. अशी गावं जिल्ह्याजिल्ह्यात आहेत, त्यामुळे कागद नसेल तर तिथे बोट ठेवूच नका.

गावावरून आडनाव की आडनावावरून गाव, हे न तपासणं

स्कॉटलंडमधल्या हॅमिल्टन शहराचं जुनं नाव कॅडझो. हॅमिल्टन घराणं तिथे मोठं झालं आणि पंधराव्या शतकात शहराला त्यांचं नाव मिळालं. आडनाव आलं ते बहुधा इंग्लंडातल्या लेस्टरशरमधून.

पदवीला आडनाव समजणं

आपल्याकडे ही चूक सर्रास होते. मुंबईतलं सँडहर्स्ट रोड ज्या गव्हर्नरच्या नावाचं, त्यांचं आडनाव मॅन्सफील्ड. सँडहर्स्ट ही उमरावकीची पदवी. पुढचे एक गव्हर्नर विलिंग्डन यांचं आडनाव फ्रीमन-थॉमस. पदवीतलं गाव शोधून घराण्याचं मूळ मिळत नाही.

किरकोळ, पण रोजच्या

नॅशमध्ये गाव शोधू नका. ‘ॲटन ॲश’, म्हणजे ॲशच्या झाडापाशी राहणारा. बोलताना ‘न’ पुढच्या शब्दाला चिकटला आणि ‘ॲट नॅश’ झालं. ओकचं नोक्स झालं तेही असंच.

ब्रिस्टो म्हणजे बहुधा ब्रिस्टल. शहराचा उच्चार बदलला, आडनावात जुना राहिला.

जुन्या कागदावर ‘दे’ दिसला म्हणून माणूस सरदार ठरत नाही. कारकून शेतमजुराच्या नावापुढेही तो लिहायचा.

आडनाव सांगितलं की मानचिन्ह (कोट ऑफ आर्म्स) छापून देणाऱ्या दुकानांना पैसे देऊ नका. इंग्लंडमध्ये मानचिन्ह ठरावीक माणसाला आणि त्याच्या वंशजांना मिळतं, आडनावाला नाही.