पहिल्यांदा बोटीवर जाणाऱ्या पोरांसाठी

सुट्टीवर आलो की गावातली पोरं गाठतातच. दहावी-बारावी झालेली, जीपी रेटिंग, म्हणजे डेक आणि इंजिन दोन्हीकडच्या खलाशी कामाचा कोर्स, करून बोटीवर जायचं म्हणणारी. पगार किती, देश किती बघायला मिळतात, हे त्यांचे पहिले प्रश्न. मला मात्र त्यांना दुसरंच सांगायचं असतं. नव्या खलाशाला न लाजता विचारता आलं पाहिजे आणि वेळ आली तर 'थांबा' म्हणता आलं पाहिजे. बाकी काम हाताला येतं.

सुरुवात डोळ्यांपासून करा. रात्री समोरच्या जहाजाचा डावीकडचा लाल आणि उजवीकडचा हिरवा दिवा वेगळा ओळखता आला नाही, तर डेकवर पहाऱ्याला उभं करत नाहीत. रंगांधळेपणा असला तरी घरात कुणाला पत्ता नसतो. म्हणून फी भरण्याआधी नौवहन महासंचालनालयाने मान्यता दिलेल्या डॉक्टरकडून तपासणी करून घ्या. संस्थाही त्यांच्याच यादीतली निवडा. कोर्स सहा महिन्यांचा, तिथेच राहून करायचा. तो पास झालात की सीडीसी, म्हणजे खलाशाचं ओळखपुस्तक, काढता येतं.

खरी कसोटी त्यानंतर लागते. कोर्स केलेली पोरं पुष्कळ आणि ट्रेनी घेणाऱ्या कंपन्या थोड्या. मग एजंट भेटतो. 'अमुक लाख दे, पुढच्या महिन्यात जॉइनिंग.' नोकरी लावण्यासाठी खलाशाकडून पैसे घ्यायला कायद्यानेच बंदी आहे, त्यामुळे पैशाची गोष्ट निघाली की तिथून उठायचं. कंपनीचा आरपीएसएल, म्हणजे खलाशी भरती करण्याचा परवाना, महासंचालनालयाच्या संकेतस्थळावर स्वतः तपासायचा, एजंटने मोबाइलवर दाखवलेला कागद पुरत नाही. टुरिस्ट व्हिसावर आखातात चल, बोट तिथे मिळेल, असं कुणी म्हणालं तर काका-मामा असला तरी ऐकू नका. कर्ज काढून गेलेली पोरं नांगरावर पडलेल्या बोटीत पगाराविना अडकतात आणि इकडे घरच्यांच्या मागे हप्ते लागतात. एक वर्ष घरी थांबावं लागलं तरी चालेल, पण हे नको.

बोटीवर चढल्यावर पहिले काही महिने गंजाशी झुंज. हातोडीने पापुद्रे काढायचे, वायर ब्रशने घासायचं, गोड्या पाण्याने धुवायचं, प्रायमर मारायचा, मग रंग. गॉगल आणि कानाचे प्लग काढायचे नाहीत, उकडलं तरी. बल्क कॅरिअर, म्हणजे सुटा माल नेणारी बोट, असेल तर कोळसा उतरवून धान्य भरण्याआधी होल्ड, म्हणजे मालाची कोठी, इतका स्वच्छ करावा लागतो की तपासनीस कोपऱ्यातल्या पट्टीवरून बोट फिरवून बघतो. इंजिनरूममध्ये पाठवलं तर तिथली उष्णता आणि तेल वेगळंच. काम बोसन, म्हणजे डेकवरच्या खलाशांचा मुकादम, वाटून देतो. त्याचा आवाज चढा असतो, पण अंगठा कुठे ठेवला म्हणजे दोरात सापडत नाही हे त्याच्याइतकं चांगलं कुणी शिकवत नाही.

धक्क्याला लागताना डोकं जाग्यावर ठेवा. नायलॉनचा दोर ताणला की लांब होत जातो, करकरायला लागतो आणि तुटला तर उलटा येणारा फटका डोळ्याला दिसतसुद्धा नाही. माणसाचे पाय तुटतात, जीव जातो. दोराच्या वळशात पाय नको, ताणलेल्या दोराच्या रेषेत उभं राहणं नको. कुठे उभा राहू, हे दोर बांधायच्या जागी जाण्याआधीच विचारून घ्यायचं.

त्याहून दगाबाज म्हणजे बंद जागा. साखळीचा लॉकर, रिकामी टाकी, कोळसा किंवा लाकूड भरलेला होल्ड. लोखंडाला गंज चढतो तो हवेतलाच ऑक्सिजन खाऊन. बाहेर सुमारे २१ टक्के असतो, आत कितीतरी कमी, आणि वास काहीच येत नाही. माणूस शिडीवरून उतरता उतरता कोसळतो. वरचा बघतो आणि धावत त्याच्यामागे उतरतो. अशा अपघातांत वाचवायला गेलेलेही पुष्कळदा मरतात. जोडीदार खाली पडलेला दिसला तरी उतरायचं नाही. अलार्म द्यायचा, श्वसनयंत्र लावलेली माणसं येईपर्यंत तोंडावर उभं राहायचं. हे लिहितानाही अंगावर काटा येतो, कारण त्या क्षणी थांबणं फार अवघड आहे. मीटर लावून आतली हवा तपासली का, आत उतरण्याचा परवाना भरला का, वर कोण उभा आहे? या तीन प्रश्नांची उत्तरं मिळाल्याशिवाय कुणीही सांगितलं तरी आत पाय टाकू नका.

झोपेचाही नियम आहे. २४ तासांत किमान १० तास विश्रांती, आठवड्यात ७७. बंदरामागून बंदर लागलं की ती मोडली जाते आणि कागदावर मात्र सगळं व्यवस्थित दिसतं. विश्रांतीच्या तासांचा तक्ता सहीला पुढे आला की वाचा, आणि जे खरं नाही ते नम्रपणे दाखवून द्या. थकलेल्या माणसाच्या हातूनच दोर सुटतो.

एकटेपणा येतो. गणपतीत जास्तच. आता बोटींवर इंटरनेट असतं, पण रात्रभर फोनवर राहून सकाळी डेकवर डुलक्या घेणारा पोरगा मला धोक्याचा वाटतो. मेसमध्ये बसा, फिलिपिनो कुकशी गप्पा मारा, पत्ते खेळा.

पगार बहुधा बोटीवर असेपर्यंतच मिळतो. करार नऊएक महिन्यांचा, मग घरी कमाई शून्य. पहिल्या पगारात गाडी घेऊ नका.

उतरायच्या काही दिवस आधी ट्रेनिंग रेकॉर्ड बुकावर चीफ ऑफिसरच्या सह्या पूर्ण करून घ्या. सुकाणूवर केलेले तास नोंदवले आहेत का ते बघा, पुढच्या परीक्षेला तेच लागतात. आणि घरून बोटीवर निघण्याआधीच कराराची एक प्रत आईजवळ देऊन ठेवा, सोबत बोटीचं नाव, आयएमओ नंबर (बोटीचा कायमचा ओळख क्रमांक), कंपनीचा आणि युनियनचा फोन एका कागदावर लिहून द्या.