एकत्र प्रार्थना करणारी माणसं राजकारणावरून तुटली असतील तर परत जोडायची कशी

सत्तापालट, दंगल, निवडणुकीतली मारामारी, असं काही झालं की एकाच देवापुढे बसणारी माणसं एकमेकांशी बोलायची बंद होतात. मग कुणीतरी म्हणतं चला एकत्र प्रार्थना करू आणि झालं गेलं विसरू. प्लीज असं करू नका. ज्याचं घर जळलंय त्याला विसर म्हणणं म्हणजे जखमेवर मीठ चोळणं.

आधी दोन्हीकडचे तीन-चार जण बघा, ज्यांचा शब्द आपापल्या लोकांत चालतो असे. जागा अशी हवी की तिथे जाताना कुणालाच धाकधूक नको. झेंडे, बिल्ले, पुढारी बाहेर, मोबाईल बंद. पहिल्या बैठकीत फक्त ऐकायचं, एक जण बोलेल, बाकीचे गप्प, आणि "पण तुमच्या लोकांनी पण..." हे तर अजिबातच नाही. धमक्या अजून चालू असतील तर मात्र समोरासमोर बसवूच नका, मधला माणूस दोघांकडे वेगवेगळा जाऊ दे.

माफीची घाई नको, आधी खरं बाहेर येऊ दे. साऊथ आफ्रिकेत वर्णभेदाची राजवट गेल्यावर सत्य आणि सलोखा आयोगाने 1996 पासून सुनावण्या घेतल्या, अध्यक्ष आर्चबिशप डेस्मंड टुटू, सुरुवातीला प्रार्थनासुद्धा व्हायची. पण गुन्हा राजकीय कारणाने केलेला असेल आणि काय काय केलं ते सगळं कबूल केलं तरच शिक्षेतून सूट, सॉरी म्हणायची अटच नव्हती आणि तरी बहुतेक अर्ज फेटाळले गेले. मला हे फार पटतं, कारण नुसतं सॉरी कुणीही म्हणतं, कुठल्या रात्री कुणाच्या दारात उभा होतो हे सांगायला जिगर लागते. आणि हो, सलोखा करायचा म्हणून पीडितावर केस मागे घ्यायचा दबाव आणू नका, केस लढणं हा त्याचा हक्क आहे.

धर्म वेगळे असतील तर श्रद्धेवर एकमत करत बसू नका. पश्चिम आफ्रिकेतल्या लायबेरियात यादवी युद्ध चालू असताना 2003 साली ख्रिश्चन आणि मुस्लिम बायका पांढरे कपडे घालून राजधानी मोनरोव्हियात मासळी बाजाराजवळ उन्हापावसात बसल्या, प्रार्थना आपापल्या पद्धतीने आणि मागणी एकच, युद्ध थांबवा. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये शांतता करार झाला, त्यात त्यांच्या दबावाचा मोठा वाटा होता. तुम्हीही अशी एकच ठोस गोष्ट धरा, बेपत्ता माणसांचा शोध किंवा मुलांची शाळा परत सुरू करणं.

धर्मगुरूंना एवढंच सांगा की प्रवचनात कुठल्या पक्षाचं नाव नको, पण अन्यायावर गप्पही बसू नका. आणि पुढच्या बैठकीची तारीख सगळे उठायच्या आधीच ठरवा, नंतर फोनवर ठरवू म्हटलं की राहूनच जातं.