पॅरा अ‍ॅथलेटिक्सचा कोच व्हायचंय? सोलापुरातून थोडं सांगते

बीपीएड (शारीरिक शिक्षणाची पदवी) संपत आलेली पोरंपोरी भेटली की एकच विचारतात, मॅडम पॅरा स्पोर्ट्समधे, म्हणजे दिव्यांगांच्या खेळात, कोचिंग करायचंय, कोणता कोर्स करू? पॅरिस पॅरालिंपिकनंतर हे विचारणारे वाढलेत आणि मला त्याचा मनापासून आनंद आहे. २०२४ ला आपली २९ मेडल आली, त्यात ७ गोल्ड, टोकियोला १९ होती. शेजारच्या सांगली जिल्ह्यातल्या आटपाडीकडच्या सचिन खिलारीने एफ ४६ (हे नंबर पुढं सांगते) च्या गोळाफेकीत १६.३२ मीटर टाकून सिल्व्हर आणलं. आणि आपल्याच जिल्ह्यातला करमाळ्याचा सुयश जाधव, दोन्ही हात कोपराखाली नाहीत, त्याने २०१८ च्या एशियन पॅरा गेम्सला ५० मीटर बटरफ्लायचं गोल्ड मारलंय. हे सगळं बघून पोरांना या फील्डमधे यावंसं वाटणारच.

कोर्सचं शेवटी सांगते. त्याआधी एक गोष्ट, जी मी येणाऱ्या प्रत्येकाला सांगते. या कामात टेक्निक शिकवणं हा भाग तुम्हाला वाटतो त्यापेक्षा कमी असतो. थ्रो दोन सेकंदाचा, त्याच्या आधी खेळाडू कसा बसलाय, रात्री स्पॅझममुळे (स्नायू आपोआप आखडल्यामुळे) झोपमोड झाली का, लघवीची सोय कुठंय, पट्टा कुठं रुततोय, कागद पूर्ण आहेत का, यातच निम्मं मेडल ठरलेलं असतं. आणि यातलं बरंचसं पुस्तकात नसतं, ते खेळाडूला विचारावं लागतं, कारण त्या शरीरात तो राहतोय, आपण नाही.

पहिलं म्हणजे क्लासिफिकेशन, म्हणजे कोणता खेळाडू कोणत्या गटात खेळणार ते ठरवणं. हे नीट कळलं नाही तर बाकी मेहनत वाया जाते. लोकांना वाटतं यूडीआयडी कार्ड (दिव्यांगांचं सरकारी ओळखपत्र) आहे, सर्टिफिकेटवर ६० टक्के लिहिलंय म्हणजे झाला पॅरा खेळाडू. तसं नसतं. सरकारी टक्केवारी सवलती आणि नोकरीसाठी, २०१६ च्या कायद्यात दिव्यांगत्वाचे २१ प्रकार आहेत, पण पॅरालिंपिकला फक्त १० प्रकारचे इम्पेअरमेंट (शरीरातली कमतरता) धरतात आणि त्यातही किमान किती पाहिजे ते प्रत्येक खेळाने ठरवलेलं आहे. आता एक पाय आखूड असलेला पोरगा येतो, लंगडतो, घरच्यांनी लई आशा लावलेली असते, पण अ‍ॅथलेटिक्सला दोन पायांच्या लांबीत निदान ७ सेंटीमीटरचा फरक लागतो, टेप लावल्यावर ४ भरला तर ते त्याच दिवशी प्रेमाने पण स्पष्ट सांगायचं, दोन वर्षं पळवून मग सांगायचं नाही. कर्णबधिर पोरांचे पालक पण येतात, त्यांचं डेफलिंपिक्स वेगळं असतं, पॅरालिंपिकमधे ते येत नाही, त्यांना योग्य ठिकाणी पाठवा.

नंबर पाठ करायला अवघड नाहीत. टी म्हणजे धावणं आणि उड्या, एफ म्हणजे फेक. ११ ते १३ दृष्टी, २० बौद्धिक, ३१ ते ३८ सेरेब्रल पाल्सी आणि तसे स्नायूंच्या कंट्रोलचे प्रॉब्लेम, ४० आणि ४१ कमी उंची, ४२ ते ४७ हातापायाचे, ५१ ते ५७ व्हीलचेअरवर किंवा बसून खेळणारे, ६१ ते ६४ कृत्रिम पाय लावून खेळणारे. क्लास ठरवताना पॅनेल आधी टेबलावर ताकद, सांधे, स्नायू तपासतं, मग खेळाच्या हालचाली करून घेतं आणि मग स्पर्धेत पण बघतं. म्हणून टेबलावर एक आणि मैदानात एक असं चालत नाही. टोकियोत आपल्याच एका थाळीफेकपटूला एफ ५२ मधे ब्राँझ मिळालं होतं, क्लासिफिकेशन परत तपासलं आणि ते गेलं, नंतर त्याच्यावर बंदी पण आली. तेव्हा "जरा हात लुळा सोडून दाखव, खालचा क्लास मिळेल" असं कुणी तुमच्या खेळाडूला शिकवत असेल तर त्या माणसाला लांब ठेवा, कितीही मोठा असू दे. आपलं काम एवढंच, जुने रिपोर्ट, एमआरआय, ऑपरेशनचे कागद फाईलला लावणे आणि खेळाडूला खरं ते करायला सांगणे.

आणि इव्हेंट निवडताना प्रोग्रॅम बघा. सगळ्या क्लासला सगळे इव्हेंट मोठ्या स्पर्धेत नसतात. पॅरिसला एफ ५६ ची थाळीफेक होती, योगेश कथुनियाने ४२.२२ मीटरवर सिल्व्हर घेतलं, एफ ५१ चा क्लब थ्रो (लाकडी दांडकं फेकणं) होता त्यात धरमबीर आणि प्रणव सूरमाने गोल्ड सिल्व्हर दोन्ही आणली. तुमच्या पोराचा क्लास आणि त्याची आवडती फेक जुळते का हे आधी बघा, मग चार वर्षांचा प्लॅन करा.

आता बसून फेकणाऱ्यांचं सांगते, माझं जास्त काम तिथं आहे. यात थ्रोइंग फ्रेम लागते, म्हणजे लोखंडी किंवा अ‍ॅल्युमिनियमची खुर्ची, जमिनीला पट्ट्यांनी आवळून बांधायची. सीटची उंची कुशन धरून ७५ सेंटीमीटरच्या वर चालत नाही, पट्टे ताणले जाणारे नकोत, होल्डिंग बार (दुसऱ्या हाताने धरायचा दांडा) वाकणारा नको. विकत घ्यायला गेलं तर परवडत नाही, पण अक्कलकोट रोड एमआयडीसीत फॅब्रिकेशनवाले आहेत, लूमचे पार्ट जोडणारा माणूस हे काम झकास करतो, फक्त ड्रॉइंग मापासहित द्या आणि खेळाडूला सोबत न्या. त्याच्या कमरेचं माप, मांडीची लांबी, पाय कुठं टेकतात, फेकायच्या वेळी दुसरा हात कुठं पकडतो, हे तिथंच बसवून ठरवायचं. होल्डिंग बार चार बोटं पुढं मागं केला तरी अंतरात फरक दिसतो, कारण ज्याच्या पायातून जोर येत नाही त्याचा जोर त्या दुसऱ्या हाताच्या ओढीतून आणि धडातून येतो. एफ ५४ ला हात चांगले पण धडावर कंट्रोल नाही, तिथं पाठीला टेकू आणि पट्टा लागतो, एफ ५७ ला धड पूर्ण चालतं, त्याला तेवढं बांधलं तर उलट त्याची फिरकी मारली जाते. दोघांना एकच फ्रेम देऊन "अ‍ॅडजस्ट कर" म्हणायचं नाही. फेकताना सीटवरून बूड उचललं तर फाऊल, ते प्रॅक्टिसला पण फाऊलच धरा.

खांद्याकडे लक्ष द्या, फार लक्ष द्या. व्हीलचेअर वापरणाऱ्याचा खांदा म्हणजे त्याचे पाय पण तेच. आपण रविवार सुट्टी देतो पण तो त्या दिवशी पण त्याच खांद्यावर खुर्ची ढकलतो, बेडवरून खुर्चीत, खुर्चीतून रिक्षात जातो, म्हणजे खांद्याला सुट्टी नसतेच. म्हणून ढकलण्याच्या व्यायामापेक्षा ओढण्याचे व्यायाम जास्त ठेवा, रोइंग, रबर बँडने मागं खेचणं, खांद्याच्या आतले छोटे स्नायू. "मॅडम जरा दुखलालंय" असं पोरगं म्हणालं तर त्या दिवशी फेक बंद. खांदा गेला तर त्याचं मेडल नाही फक्त, त्याचं स्वतःचं स्वतः बाथरूमला जाणं जातं.

सोलापूरचं ऊन तुम्हाला माहितीच आहे, एप्रिल-मेला पारा ४२ च्या वर. ज्याच्या मणक्याला इजा आहे त्याला इजेच्या खालच्या भागात घाम नीट येत नाही, म्हणजे शरीर थंड करायची सोयच अर्धी बंद. बाकीची पोरं घामेघूम होऊन बरी असतात आणि हा कोरडा दिसतो, तुम्हाला वाटतं याला काही होत नाहीये, आणि आतून ताप चढत असतो. आमच्याकडे उन्हाळ्यात साडेपाचला सुरू, आठच्या आत सामान गुंडाळलेलं. पाण्याचा स्प्रे चेहऱ्यावर हातावर मारायचा, आपला सोलापुरी टॉवेल ओला करून मानेवर टाकायचा, सावली नसेल तर छत्री धरायला माणूस ठेवायचा. नाडी मोजून ट्रेनिंग करू म्हणाल तर मानेतली इजा असलेल्याची नाडी जीव तोडून केलं तरी १२०-१३० च्या पुढं सहसा जात नाही, तिथं १ ते १० मधे किती जड वाटलं हे विचारूनच लोड ठरवा.

याला जोडून पाण्याचा विषय, जो कुणी उघड बोलत नाही. खेळाडू पाणी कमी पितात. का, तर मैदानावर व्हीलचेअर आत जाईल असं टॉयलेट नसतं, असलं तर कुलूप असतं. मुलींचं तर विचारू नका. पाणी कमी, त्यात कॅथेटर (लघवीची नळी), मग युरिन इन्फेक्शन, मग ताप आणि महिना गेला. मी नवीन मैदानावर गेले की सर्कलच्या आधी टॉयलेट बघते, दार किती रुंद, आत वळता येतं का, चावी कुणाकडे. तुम्ही पण बघा, आणि त्याच्यासाठी भांडायची वेळ आली तर भांडा, ते कोचचंच काम आहे.

मणक्याची इजा टी ६ किंवा त्याच्या वर असेल (हा टी म्हणजे छातीच्या भागातला सहावा मणका, वरचा क्लासचा टी नाही), आपल्याकडच्या रिपोर्टवर डी ६ असं पण लिहितात, तर ऑटोनॉमिक डिसरेफ्लेक्सिया हे नाव पाठ करून ठेवा. मूत्राशय भरलं, कॅथेटरची नळी दुमडली, पट्टा रुतला, कुठं जखम झाली की त्याला खाली कळत नाही पण बीपी एकदम चढतं. डोकं फुटायला आल्यासारखं दुखतं, तोंड लाल होतं, इजेच्या वर घाम सुटतो. आडवा पाडायचा नाही, सरळ बसवायचा, पट्टे कपडे सैल करायचे, नळी बघायची, लघवी मोकळी करायची, आणि कमी नाही झालं तर ताबडतोब दवाखाना, डॉक्टरांना ते नाव सांगायचं. यात जीव जाऊ शकतो. काही लोक परफॉर्मन्स वाढावा म्हणून मुद्दाम असं करून घेतात, त्याला बूस्टिंग म्हणतात, त्यावर बंदी आहे आणि स्पर्धेत बीपी तपासतात.

कातडीचं पण तेच. एकाच जागी बसून प्रेशर सोअर (दाबाने पडणाऱ्या जखमा) होतात, तर दर पंधरा-वीस मिनिटांनी हातावर जोर देऊन बूड उचलायची सवय लावा, ट्रेनिंगमधे शिट्टी वाजवून सगळ्यांनी एकदम करायचं, मग कुणाला लाज वाटत नाही. कृत्रिम पाय वापरणाऱ्यांनी सेशननंतर स्टम्प (कापलेल्या पायाचा उरलेला भाग) कोरडा करून बघायचा, लाल डाग राहिला तर दुसऱ्या दिवशी पळणं नाही.

दृष्टीच्या खेळाडूंचं थोडक्यात. टी ११ ला डोळ्यावर पट्टी आणि गाईड रनर (सोबत पळणारा डोळस जोडीदार) दोन्ही कंपल्सरी, टी १२ ला गाईड ऐच्छिक, टी १३ ला नाही. दोघांच्या हातात दोरी असते, गाईडने ओढायचं नाही आणि खेळाडूच्या आधी रेषा ओलांडायची नाही. गाईड खेळाडूपेक्षा चांगला फास्ट लागतो, तरच तो दमायच्या आत बोलू शकतो, वळण आलं, सरळ आलं, शेवटचे तीस मीटर. आपल्याकडे युनिव्हर्सिटी मीटला पळणारी पोरं आहेत, त्यांना विचारा, चांगली पोरं येतात, मेडल मिळालं तर ते गाईडलाही मिळतं. सोलापूरच्या पूर्व भागातली एक मुलगी आहे, घरी तेलुगू, शाळा मराठी, तिने आणि तिच्या गाईडने कोणत्या वेळी कोणता शब्द हे स्वतःच ठरवलंय, मी त्यात बोलत नाही. हात धरून पोझिशन दाखवायची असेल तर आधी विचारा, "हात लावू का?" एवढंच, दर वेळी. कुणाची व्हीलचेअर पण न विचारता ढकलायची नाही.

आणि दया घरी ठेवून या. पोरगं तीन सेट करून थांबलं आणि चौथा ठरलेला असेल तर चौथा करून घ्यायचा. "बिचाऱ्याने एवढं केलं हेच खूप" हे वाक्य त्यांनी शाळेत पीटीच्या तासाला बाजूला बसून खूप ऐकलंय, आमच्याकडे ते हरायला जिंकायला आलेत.

आता कोर्स. बीपीएड पाया म्हणून चांगलं आहे, पुढं पतियाळाच्या एनआयएसचा (राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा) अ‍ॅथलेटिक्सचा कोचिंग डिप्लोमा, तिथं सहा आठवड्यांचा सर्टिफिकेट कोर्स पण असतो. पॅरालिंपिक कमिटी ऑफ इंडियाचे क्लासिफायर (खेळाडूंचा क्लास ठरवणारे) किंवा टेक्निकल ऑफिशियलचे वर्कशॉप निघाले की सोडू नका, फिजिओथेरपी झालेल्यांनी तर क्लासिफायरकडे जावंच, आपल्याकडे ते माणूसबळ लागतंय. नाडाची (राष्ट्रीय उत्तेजक-विरोधी संस्थेची) बंदी असलेल्या औषधांची यादी बघायची सवय लावा, या खेळाडूंच्या गोळ्या जास्त असतात, बीपीच्या काही साध्या गोळ्यांत पण डाययुरेटिक (लघवी वाढवणारं औषध) असतं आणि ते बॅन आहे, परवानगीचा अर्ज वेळेत करावा लागतो. पैशाचं खरं सांगायचं तर सुरुवातीला यावर घर चालत नाही, शाळेतली नोकरी किंवा जिम सोबत ठेवा. गांधीनगरच्या साई (भारतीय क्रीडा प्राधिकरण) सेंटरसारख्या ठिकाणी पॅरा खेळाडूंचं मोठं काम चालतं, अनुभव झाला की तिकडचे दरवाजे पण उघडतात.

प्रवासाची तयारी ठेवा. दिल्लीला स्पर्धा असली की कर्नाटक एक्स्प्रेस, फ्रेम सोडवून बांधायची, नटबोल्टची पिशवी वेगळी आणि स्पॅनर स्वतःच्या बॅगेत.

ज्यांना सोलापुरात बघायला यायचंय त्यांनी सकाळी या, पहिले काही आठवडे नुसतं बघा, फ्रेम बांधायला हात लावा, गोळे आणून द्या, खेळाडूंशी गप्पा मारा. आल्या आल्या पहिल्या दिवशी व्हीलचेअरचे ब्रेक लावायला आणि खुर्चीतून फ्रेममधे माणूस कसा घ्यायचा ते शिकवते, कारण त्याला दोन माणसं लागतात आणि दुसरं माणूस आम्हाला कायम कमी पडतं.