धुऱ्यावर (शेताच्या बांधावर) साग लावताय? या चुका टाळा

मृगाच्या तोंडावर सागाच्या जड्यांचे, म्हणजे लावायच्या मुळांच्या तुकड्यांचे, गठ्ठे गावात येतात आणि दिवाळीपर्यंत त्यातल्या अर्ध्या वाळून जातात. मग खापर रोपवाटिकेवर फुटतं. माझ्या अनुभवात चूक बहुतेकदा जागेची असते.

आमच्या वावराच्या खालच्या अंगाला पाणी साचतं, पऱ्हाटी (कपाशी) पिवळी पडते. पीक येत नाही तर निदान साग तरी येईल, असं म्हणून मी तिथं साठ जड्या लावल्या. भाद्रपदात पानं लोळली. एक उपटून पाहिली तर मूळ काळं पडलेलं, साल बोटांत सुटून आली. त्याच गठ्ठ्यातल्या वरच्या धुऱ्यावरच्या जड्या तेव्हा गुडघ्याला लागल्या होत्या. सागाला खोल, निचऱ्याची जमीन हवी. चिबडीत, म्हणजे पाणी धरून राहणाऱ्या जमिनीत, तो तगत नाही. लावण्याआधी भर पावसाळ्यात दोन फूट खड्डा खणून ठेवा. पाऊस उघडल्यावर दुसऱ्या दिवशीही त्यात पाणी दिसलं, तर तिथं अर्जुन लावा.

जडी म्हणजे अंगठ्याएवढं जाड, वीतभर मूळ आणि त्यावर इंचभर खोड. गठ्ठा उन्हात पडू देऊ नका, ओल्या गोणपाटात ठेवा. सब्बलीनं भोक पाडून जडीचा गळा, म्हणजे मूळ आणि खोड जुळतं ती जागा, जमिनीच्या बरोबरीला येईल अशी बसवा आणि बाजूची माती टाचेनं गच्च दाबा. मुळाशेजारी पोकळी राहिली की जडी वाळलीच समजा. पुढं तीन-चार फुटवे येतात, ते सगळे ठेवायचा मोह होतो. जोमदार एक ठेवा, बाकीचे कोवळे असतानाच मोडा. तेव्हा बोटं लाल होतात, कारण सागाचं कोवळं पान चुरगळलं की तांबडा रंग सुटतो.

पावसाळा सरता सरता पानांची नुसती जाळी उरली, की फवारणीची घाई होते. अळी शिरा सोडून हिरवा भाग खाते. मोठं झाड त्यानं मरत नाही, पुन्हा पालवतं. उन्हाळ्यात बोडकं दिसणारं झाडही मेलेलं नसतं. नखानं साल खरवडा. आत हिरवं असेल तर कुऱ्हाड लावू नका.

खरा घात होतो उन्हाळ्यात धुरे जाळताना. दोन वर्षांचं रोप आगीत जमिनीपर्यंत जळतं. मुळातून पुन्हा फुटतं, पण ती दोन वर्षं गेली. रोपांभोवतीचं गवत आधी कापून घ्या.

आणि दहा-बारा वर्षांत तोडायची घाई करू नका. 'बारा वर्षांत लखपती'च्या जाहिरातींना 1990च्या दशकात पुष्कळ लोक फसले. कोवळ्या सागाचं खोड कापून पाहा: बाहेरचा पांढरा भागच जास्त, आतला सोनेरी-तपकिरी गाभा थोडा. टिकतो तो गाभा. पांढऱ्याला उधई लागते.

साग आपल्याच वावरात असला तरी महाराष्ट्र वृक्षतोड (विनियमन) अधिनियम, 1964 खाली तो अनुसूचित वृक्ष आहे. परवानगीशिवाय तोडता येत नाही. झाडांची नोंद सातबाऱ्यावर वेळीच करून घ्या. तोडल्यावर वाहतूक परवानाही लागतो, नाहीतर घरचं लाकूड रस्त्यात अडतं.