जपानमध्ये शूट करताना शटर शहरानुसार बदला

जपानी चित्रकारांच्या स्टुडिओत बहुधा ट्यूबलाइटच असतात आणि फुटेजमध्ये पट्टे सरकताना दिसले की अख्खी मुलाखत वाया जाते. हे पट्टे दिव्यांच्या लुकलुकण्यामुळे येतात, ते लुकलुकणं विजेच्या फ्रिक्वेन्सीवर (हर्ट्झ) ठरतं, आणि शटरचा वेळ त्याच्याशी जुळवावा लागतो. जपानमध्ये वीज दोन प्रकारची आहे: टोकियोसह पूर्वेला ५० हर्ट्झ, तर पश्चिमेला क्योतो, ओसाका, कलेसाठी प्रसिद्ध नाओशिमा बेटाकडे ६०. भारतातल्या ५०च्या सेटिंगवर टोकियोत निभावतं, पुढे घोळ होतो.

१. फ्रेम रेट सगळीकडे २४च (सेकंदाला २४ फ्रेम) ठेवा.
२. टोकियोत शटर १/५० सेकंद.
३. क्योतो-ओसाकात १/६०. कॅमेऱ्यात शटर अँगल (शटरचा वेळ अंशांत मोजणारी सेटिंग) असेल तर अनुक्रमे १७२.८ आणि १४४ अंश.

बॅगेवर चिठ्ठीच चिकटवा, शिंकान्सेनमधून (बुलेट ट्रेन) उतरल्यावर गडबडीत हे हमखास राहतं.

मात्र डिमरवरचे स्वस्त एलईडी आणि व्हिडिओ आर्टचे स्क्रीन या हिशेबात बसत नाहीत. तिथे आधी छोटा शॉट घेऊन मोठ्या मॉनिटरवर तपासा.