सकाळच्या थेट कार्यक्रमाचं निवेदन: गोव्यात हे काम शिकायचं असेल तर

सकाळी सात ते नऊ या वेळेत टीव्हीसमोर सहसा कुणी बसलेलं नसतं. दारात पोदेराचा (पाववाल्याचा) भोंगा वाजतो, मुलांचे डबे भरायचे असतात, म्हापशाहून पणजीला कामाला जाणाऱ्याला बस गाठायची असते. टीव्ही चालू असतो तो कानांसाठी. डोळे अधूनमधून वळतात. सकाळच्या निवेदकाचं सगळं तंत्र यावर उभं आहे. रात्रीचं बातमीपत्र उत्तम वाचणारे सकाळी फिके पडतात, कारण समोरचा माणूस पूर्ण अर्धा तास आपल्याकडे बघतो आहे असं ते धरून चालतात.

ब्रिटनमध्ये हे १९८३ सालच्या पहिल्या काही महिन्यांत लख्ख दिसलं. १७ जानेवारीला बीबीसीने ‘ब्रेकफास्ट टाइम’ सुरू केला: लाल सोफा, स्वेटर घातलेला फ्रँक बॉफ, शेजारी सेलिना स्कॉट, मध्येच हवामान आणि व्यायाम. १ फेब्रुवारीला टीव्ही-एएम ही खासगी कंपनी उतरली. तिच्याकडे डेव्हिड फ्रॉस्ट, मायकल पार्किन्सन, अँजेला रिपन, ॲना फोर्ड आणि रॉबर्ट की अशी पाच मोठी नावं होती. बातमी नीट समजावून सांगण्याचा त्यांचा निर्धार होता आणि तो प्रामाणिक होता. पण सकाळच्या घाईत एवढं ऐकायला लोकांना सवड नव्हती. प्रेक्षक फिरकेनात, मार्चमध्ये कंपनीचे प्रमुख पीटर जे पायउतार झाले, पुढच्याच महिन्यात रिपन आणि फोर्डही गेल्या. ॲन डायमंड आणि निक ओवेन ही साधी, घरगुती वाटणारी जोडी आली, मुलांसाठी रोलंड रॅट नावाचा बाहुला उंदीर आला, आणि कार्यक्रम सावरला. आमच्या मते नव्या निवेदकाने सगळ्यात आधी अभ्यासावं असं हेच उदाहरण आहे. हुशारी आणि नाव दोन्ही असूनही प्रेक्षकाची सकाळ ओळखली नाही, तर खुर्ची टिकत नाही.

कार्यक्रमाचा आराखडा आणि घड्याळ

दोन तासांचा कार्यक्रम म्हणजे अर्ध्या अर्ध्या तासाचे चार कार्यक्रम, असं समजून रनडाऊन (कार्यक्रमाचा क्रमवार तक्ता) वाचा. प्रत्येक अर्ध्या तासात ठळक बातम्या, हवामान आणि रस्त्यांची स्थिती पुन्हा यायलाच हवी. आठ वाजता टीव्ही लावणाऱ्याने सातचा भाग पाहिलेला नसतो. म्हणून ‘मघाशी आपण पाहिलं त्याप्रमाणे’ हे वाक्य कायमचं सोडा. तीच बातमी दुसऱ्यांदा सांगताना शब्द बदला, नवा तपशील पुढे घ्या, पण ती पूर्ण सांगा.

प्रत्येक लिंकमध्ये (दोन भागांना जोडणाऱ्या निवेदनात) वेळ सांगा, आणि ती स्टुडिओतल्या घड्याळावरून. स्क्रिप्टमध्ये लिहिलेली वेळ वाचू नका. एखादी बातमी मागेपुढे झाली की ती चुकते, आणि तुमच्या शब्दावर बस पकडणारा माणूस चुकतो.

उलटी मोजणी पहिल्या आठवड्यातच हाताशी बसवा. समजा आठला अचूक बातम्या सुरू व्हायच्या आहेत. त्याआधी हेडलाइन्स ४० सेकंद, जाहिराती १२० सेकंद, हवामान ५० सेकंद आणि तुमची लिंक १० सेकंद. बेरीज २२० सेकंद, म्हणजे ३ मिनिटं ४० सेकंद. आठमधून वजा करा: मुलाखत ७ वाजून ५६ मिनिटं २० सेकंदांनी संपलीच पाहिजे. हा आकडा पेनने कागदावर मोठा लिहून ठेवा. पीसीआरमधून (नियंत्रण कक्षातून) कुणीतरी सांगेलच या भरवशावर बसलात, तर टॉकबॅक (तिथून कानात येणारा सूचनांचा आवाज) बंद पडेल त्या दिवशी जाहिरात पाहुण्याच्या वाक्यावर कोसळेल.

मजकूर लिहिताना मराठीत सेकंदाला साधारण दोन शब्द धरा. वीस सेकंदांची लिंक म्हणजे चाळीसेक शब्द. पण हा अंदाज झाला. स्वतःची एक पानभर स्क्रिप्ट स्टॉपवॉच लावून मोठ्याने वाचा आणि आपला खरा वेग काढा. सकाळी बहुतेकांचा वेग नकळत वाढतो, कारण कॉफी आणि धास्ती दोन्ही बरोबरच काम करतात.

कानासाठी लिहिणं

ऐकणारा भाजी परतत असतो. त्याची मान वळवायची तर पहिल्याच शब्दात गाव सांगा. ‘पाणीपुरवठा विभागाने दिलेल्या माहितीनुसार’ इथून सुरुवात केली, तर वाक्याच्या शेवटी डिचोलीचं नाव येईपर्यंत डिचोलीकर स्वयंपाकघरात परतलेला असतो. ‘डिचोलीत आज दुपारपर्यंत नळाला पाणी नाही’ हे आधी, कारण आणि खातं नंतर. वाहतुकीचंही तसंच: ‘झुआरी पुलावर कोंडी’ एवढ्याने काही कळत नाही. ‘आगशीहून कुठ्ठाळीकडे जाणाऱ्या बाजूला कोंडी आहे, उलट बाजू मोकळी’ असं दिशेसकट सांगा. पावसाळ्यात चोर्ला आणि अनमोड घाट, फेरीबोटी आणि कोकण रेल्वे यांची स्थिती रोज पहाटे फोन करून विचारा. आदल्या रात्रीच्या मजकुरावर विसंबू नका, घाटातली दरड पहाटेही कोसळते.

गावांची नावं हा गोव्यात नवख्याला उघडं पाडणारा भाग आहे. इंग्रजी प्रेस नोटमध्ये ‘बिचोलिम’, ‘सँक्वेलिम’, ‘केपेम’, ‘चोराव’, ‘आल्डोना’ असं येतं. तोंडातून डिचोली, साखळी, केपे, चोडण, हळदोणा असंच यायला हवं. बारा तालुक्यांतली मुख्य गावं लिहून काढा आणि त्या त्या भागातल्या माणसाकडून उच्चार तपासून घ्या. शेजाऱ्याचं गाव धड उच्चारता न येणाऱ्या निवेदकाच्या बाकीच्या बातम्यांवरही लोकांचा विश्वास राहत नाही, आणि ते रास्तच आहे.

भाषेचा आणखी एक प्रश्न रोज येतो. तुम्ही मराठीत विचारता, पाहुणा कोकणीत उत्तर देतो. देऊ द्या. इथल्या प्रेक्षकाला दोन्ही भाषा कळतात. प्रत्येक वाक्याचं मराठी करत बसलात की मुलाखत निम्मी होते आणि पाहुणाही आखडतो. पाहुणा इंग्रजीत बोलला, तर मात्र शेवटी पंधरा सेकंदांत सार सांगा.

कानातला आवाज आणि समोरचा पाहुणा

टॉकबॅक ऐकत बोलणं सरावानेच येतं. घरी एका कानात रेडिओवरच्या बातम्या लावा आणि मोठ्याने वर्तमानपत्र वाचा. रोज दहा मिनिटं, आवाज हळूहळू वाढवत. कानातल्या सूचनेला मान हलवून किंवा ‘हो’ म्हणून उत्तर देण्याची सवय पहिल्यापासूनच मोडा. सूचना ऐकताना डोळे किंचित स्थिरावतात आणि ते कॅमेऱ्यात दिसतं, तेव्हा त्या क्षणी समोरच्या कागदाकडे बघा. इअरपीस कानाच्या मापाचा बनवून घ्या. सैल असला की घामाने निसटतो.

टेलिप्रॉम्प्टर (कॅमेऱ्यासमोर मजकूर दाखवणारा पडदा) अडकतो. छापील स्क्रिप्ट टेबलावर ठेवा आणि प्रॉम्प्टर नीट चालू असतानाही पानं बरोबरीने उलटत राहा. अडकल्यावर पान शोधण्यात गेलेले पाच सेकंद घरी फार लांब वाटतात.

चार मिनिटांच्या मुलाखतीत तीन प्रश्न मावतात, चौथा राखीव. पहिला प्रश्न असा हवा की पाहुण्याला उत्तर सहज देता यावं. अवघड प्रश्न दुसरा. अवघड प्रश्न शेवटी ठेवला, तर मुरलेला मंत्री आधीची उत्तरं लांबवून तो वेळेबाहेर ढकलतो. थांबवताना वाक्य तोडू नका, त्याच्या श्वासाची वाट बघा, नाव घ्या आणि वेळेचं कारण द्या. फोनोवर (फोनवरून थेट) पाहुणा असेल तर त्याच्या घरातला टीव्ही बंद करायला आधीच सांगा, नाहीतर स्वतःचाच आवाज उशिरा ऐकून तो गोंधळतो.

दुःखद बातमीनंतर पाककृती, अशी वळणं सकाळी रोज येतात. बातमी संपली की पूर्ण एक सेकंद थांबा, कॅमेरा बदलू द्या, मग पुढचा विषय सपाट आवाजात सुरू करून हळूहळू चढवा. अपघाताच्या बातमीवर हसऱ्या आवाजात ‘चला तर मग’ म्हणणं हा अक्षम्य प्रकार आहे. एवढा मोठा बदल रनडाऊनमध्ये दिसला तर मध्ये हवामान घालायला आधीच सांगा. निर्माते सहसा ऐकतात.

काही बाबतींत कायदा स्पष्ट आहे. लैंगिक अत्याचारातल्या पीडितेची ओळख उघड करायची नाही. अल्पवयीन मुलांच्या बाबतीत शाळा, वाडा, नातेवाईक यांतूनही ती उघड होते, आणि छोट्या गावात तर फारच लवकर. मतदान संपण्याच्या आधीच्या ४८ तासांत प्रचाराचा मजकूर दाखवायचा नाही. मृताचं नाव घरच्यांना कळल्याची खात्री झाल्याशिवाय उच्चारू नका. चूक झाली तर लगेच, सरळ वाक्यात दुरुस्त करा, आणि पुढच्या अर्ध्या तासात ती दुरुस्ती पुन्हा सांगा, कारण चूक ऐकणारे कदाचित दुरुस्तीच्या वेळी घरात नव्हते.

बाहेरून थेट

म्हापशाचा शुक्रवारचा बाजार, मालीमची जेटी, चतुर्थीची माटोळी (गणपतीवर बांधलेली फळा-पानांची सजावट): गोव्यात सकाळच्या लाइव्हला जागांची कमतरता नाही. उजेड मात्र तपासा. जानेवारीत इथे सूर्य सातनंतर उगवतो, जूनमध्ये सहाच्या सुमारास. त्यामुळे साडेसहाचं लाइव्ह हिवाळ्यात दिव्याशिवाय होत नाही. मासळीचा विषय ठरवताना १ जून ते ३१ जुलै ही मासेमारीबंदी लक्षात ठेवा, तेव्हा जेटीवर ट्रॉलर नांगरलेले असतात.

एसी गाडीतून कॅमेरा दमट हवेत काढला की काचेवर वाफ धरते आणि पुसूनही पुन्हा येते. लाइव्हच्या अर्धा तास आधी कॅमेरा बाहेर काढून ठेवा. सत्तरी, सांगे, काणकोणच्या आतल्या भागात मोबाइल नेटवर्कची चाचणी आदल्या दिवशी घ्या, शक्यतो लाइव्हच्याच वेळेला. लाइव्ह पॅकमधून (मोबाइल नेटवर्कवरून चित्र आणि आवाज पाठवणाऱ्या यंत्रातून) आवाज दोनेक सेकंद उशिरा पोचतो. म्हणून स्टुडिओतून एकच प्रश्न विचारा आणि गप्प बसा. उत्तर येत नाही असं वाटून पुन्हा विचारलं, की दोघं एकमेकांवर बोलतात. बाहेरच्या प्रतिनिधीच्या कानात त्याचा स्वतःचा आवाज जाणार नाही, हे ध्वनितंत्रज्ञाला रोज विचारून घ्या.

झोप, आवाज, कपडे

साताच्या कार्यक्रमासाठी साडेतीन-चारला उठावं लागतं, म्हणजे रात्री साडेआठला अंथरुणात. जत्रेतलं नाटक, शिगमो, लग्नाचं रिसेप्शन हे सगळं याच्या आड येतं, आणि घरच्यांशी याबद्दल आधीच बोलून घेतलेलं बरं. सुट्टीच्या दिवशी दुपारपर्यंत झोपलात, तर सोमवारची पहाट जड जाते. उठण्याची वेळ तासाभरापेक्षा जास्त सरकू देऊ नका. चहा-कॉफी सकाळी दहानंतर बंद. कार्यक्रमानंतर घरी गाडी चालवत जाणं पहाटे येण्यापेक्षा धोक्याचं, कारण तेव्हा अंगातला ताण उतरलेला असतो. डोळे जड वाटले तर स्टुडिओतच वीस मिनिटं झोपा, मग निघा.

आवाज उठल्यावर लगेच तयार नसतो. कोमट पाणी, मग तोंड मिटून पाच मिनिटं गुणगुणणं, मग जोडाक्षरांच्या ओळी मोठ्याने. घसा बसला असेल तर कुजबुजू नका, त्याने ताण वाढतो. हळू पण नेहमीच्या आवाजात बोला. कार्यक्रमाआधी एखादं केळं किंवा अर्धा उंडो (गोल पाव) पुरे. तिखट पातळ भाजी आणि मिर्ची नंतर, नाहीतर जळजळ दुसऱ्या तासात आवाजात ऐकू येते. दहाच्या सुमारास पेज हा फार चांगला बेत आहे.

बारीक रेघांचे कपडे पडद्यावर थरथरतात, हिरवा रंग क्रोमात (मागे चित्र भरण्यासाठी लावलेल्या हिरव्या पडद्यात) गायब होतो. कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर, मंगळसूत्र किंवा माळ त्याला घासणार नाही अशा जागी. साडी नेसली तर माइकचा ट्रान्समीटर परकराच्या नाडीला मागच्या बाजूला अडकवा. पदराला लावला की उठताना ओढला जातो. बांगड्या टेबलावर वाजतात, त्या आधीच काढा.

सुरुवात कुठून करायची

लोरेन केली ब्रिटनच्या सकाळच्या टीव्हीवर चार दशकं आहे. ती सुरुवातीला ग्लासगोजवळच्या ‘ईस्ट किलब्राइड न्यूज’ या स्थानिक वर्तमानपत्रात होती. मग बीबीसी स्कॉटलंडमध्ये संशोधक, १९८४ मध्ये टीव्ही-एएमची स्कॉटलंडमधली वार्ताहर, आणि डिसेंबर १९८८ मध्ये लॉकर्बीच्या विमानदुर्घटनेचं वार्तांकन. सोफा त्यानंतरचा. पुढे कंपन्या बदलल्या, टीव्ही-एएम १९९२ च्या अखेरीस बंद पडलं, ती राहिली. सोफ्यावर सहज गप्पा मारता येण्यामागे ही वार्ताहराची वर्षं आहेत, आणि गोव्यातही क्रम तोच ठेवावा असं आम्ही आग्रहाने सांगू. एखाद्या मराठी दैनिकासाठी तालुका वार्ताहर म्हणून पंचायतीच्या बैठका, बाजार, पोलीस स्टेशन करा. आकाशवाणी पणजीच्या नैमित्तिक निवेदकांसाठी स्वरचाचणी निघते, तिच्यावर लक्ष ठेवा. नुसत्या आवाजावर माणूस धरून ठेवायला रेडिओइतकं चांगलं शिकवणारं दुसरं काही नाही.

मग चाचणीचा व्हिडिओ करा. दीड ते दोन मिनिटं, त्याहून मोठा नको. पहिल्या दहा सेकंदांत चेहरा आणि आवाज, संगीत-ग्राफिक नको. एक वाचलेली बातमी, एक न लिहिलेली लिंक, एका खऱ्या मुलाखतीतला तुम्ही ऐकून उपप्रश्न विचारलेला तुकडा, आणि बाजारात किंवा रस्त्यावर उभं राहून केलेलं पंचवीस सेकंदांचं लाइव्ह. मोबाइलवर आडवा धरून चित्रित केलं तरी चालतं, पण आवाजासाठी वेगळा कॉलर माइक घ्या. फाइलच्या नावात तुमचं नाव आणि तालुका लिहा. पेडण्याची किंवा सांग्याची माहिती असलेला माणूस वृत्तसंपादकाला बऱ्याचदा त्याच आठवड्यात हवा असतो.